दिल्लीसमोरची कोरी जागा

बेळगावच्या अनगोळातल्या आमच्या तालमीत कुस्तीच्या मातीच्या हौदाच्या उजव्या हाताला एक भिंत आहे. निळ्या ऑइलपेंटची, आणि कमरेपर्यंत मातीचे हात पुसून पुसून तांबडी झालेली. तिच्यावर पांढऱ्या अक्षरांत जगातली गावं लिहिलेली आहेत. डाव्या रांगेत ऑलिम्पिकची, उजव्या रांगेत एशियाडची. आधी साल, मग गाव, मग एक आडवी रेघ आणि रेघेच्या पुढं हातभर कोरी जागा. आमच्या तालमीतून त्या गावाला जो खेळायला जाईल त्याचं नाव त्या जागेत घालायचं, असा नेम आमच्या वडलांनी घालून दिला. परवापरवापर्यंत ती भिंत अशीच होती, गावं भरलेली आणि जागा कोऱ्या. आता एका गावासमोर एक नाव आहे. ते कसं आलं ते सांगायला मी बसलोय, आणि सांगायला मला मुळीच बरं वाटत नाही.

वडलांना आम्ही आप्पा म्हणायचो, बाकी सगळं अनगोळ वस्ताद म्हणायचं. चार एकर शेत आणि ही तालीम, एवढा त्यांचा संसार. कुस्तीच्या निमित्तानं कोल्हापूर, मिरज आणि इकडं धारवाड बघितलेलं, त्यापलीकडं पाऊल नाही. पण हेलसिंकी म्हणजे काय ते त्यांना पाठ होतं. लष्करी कॅम्पात एक रिटायर सुभेदार राहायचे. ते आठवड्यातून एकदा सायकलवरून तालमीत यायचे आणि पुढची स्पर्धा कुठल्या गावाला ठरली ते सांगायचे. आप्पांचे प्रश्न ठरलेले. किती लांब आहे? थंडी किती? आणि तिथली माती कसली? तिथं मातीवर नाही, गादीवर लढतात, असं सुभेदारांनी दर वेळी सांगायचं आणि आप्पांनी दर वेळी तोंड वाकडं करायचं. मग गाव भिंतीवर चढायचं.

यादी अँटवर्पपासून सुरू होते. तिथं आपल्या भागातलं कुणीतरी गेलतं असं जुनी माणसं म्हणायची, म्हणून तिथून. चाळीस आणि चव्वेचाळीस या सालांसमोर गाव नाही, 'लढाई' असं लिहिलंय. तो शब्द वाचला की लहानपणी मला वाटायचं, तिथंही कुणीतरी आपल्यातला गेला असणार, आणि त्याचं नाव मात्र कुणी लिहिलं नाही. एशियाडच्या रांगेत बँकॉक थोड्या वर्षांत तीनदा आलं तेव्हा आप्पा वैतागले होते. म्हणाले, या बँकॉकला दुसरं कामधाम हाय का न्हाय?

व्यायाम झाला, अंगावरची माती खरडून काढली, की सगळ्यांनी भिंतीसमोर उभं राहून यादी म्हणायची. वरनं खाली, मोठ्यानं. ज्या गावासमोर नाव नसेल तिथं क्षणभर थांबायचं आणि पुढं जायचं. म्हणजे आम्ही प्रत्येक गावाला थांबायचो. अनगोळातल्या पोरांना दावणगिरी कुठल्या दिशेला ते सांगता यायचं नाही, पण मेलबर्ननंतर रोम आणि रोमनंतर टोकियो हे झोपेतसुद्धा सांगितलं असतं.

माझं अक्षर चांगलं म्हणून मी चौथी-पाचवीत असताना आप्पांनी ब्रश माझ्या हातात दिला. मी लिहिलेलं पहिलं गाव मॉस्को. त्यातलं 'स्को' जागा न पुरल्यानं चेंगरलंय, ते अजून दिसतं. तेव्हापासून भिंत माझ्याकडं आली. कुस्ती काही माझ्याकडं आली नाही. दोन वर्षं हौदात लोळून घेतलं आणि आप्पाच म्हणाले, तू आपला ब्रश धर.

कुस्ती थोरल्या भावाकडं गेली. अण्णा माझ्यापेक्षा पाच वर्षांनी मोठा. अंगानं फार थोराड नव्हता, पण त्याचा ढाक हा डाव बसला की समोरच्याला आपण उताणे कधी झालो ते कळायचं नाही. निपाणीच्या जत्रेत आणि चिकोडीच्या जत्रेत दोन-तीन वर्षं त्याच्याशी जोड लावायला पैलवान मिळेना. जिंकल्यावर तो कधी हात वर करून नाचला नाही. पडलेल्याला हात देऊन उठवायचा आणि त्याच्या पाठीवरची माती झाडायचा. मला त्याचा लई अभिमान होता, हे मी आधीच लिहून ठेवतो, कारण पुढचं वाचून कुणाला खोटं वाटेल.

ब्याऐंशीचं एशियाड दिल्लीला ठरलं. एक्कावन्नच्या पहिल्या दिल्लीनंतरच्या सगळ्या गावांत हेच एक गाव असं होतं की जिथं रेल्वेनं जाता येतं. आप्पा दिवसातून एकदा तरी त्या ओळीसमोर जाऊन उभे राहायचे. सुभेदारांनीच बातमी आणली की बेंगळूरला राज्याची निवड चाचणी आहे, तिथनं पुढं दिल्लीच्या शिबिराला पाठवतात, आणि अण्णाला बोलावणं येण्यासारखं आहे, अर्ज तेवढा भरा. अर्जही त्यांनीच आणून दिला. तो इंग्रजीत होता. अण्णाचं इंग्रजी शाळेतच थांबलेलं, म्हणून अर्ज माझ्याकडं आला. मी सतरा वर्षांचा, कॉलेजला नुकता गेलेलो.

आता त्या वर्षांत आमच्याकडं काय हवा होती ते बाहेरच्याला सांगून कळायचं नाही. बेळगाव महाराष्ट्रात घ्या म्हणून निघणाऱ्या सीमेच्या मोर्चात जाऊन मी घसा बसवून घेतला होता. घरी आल्यावर आई मीठ-हळदीच्या गुळण्या करायला लावायची. त्या अर्जात नाव, वय, वजन, वस्तादाचं नाव असं सगळं मी शाईच्या पेनानं झोकात लिहिलं. मग एक रकाना आला, कुठल्या राज्याकडून खेळणार? मी एका दमात लिहिलं, महाराष्ट्र. खाली पत्ता लिहिला अनगोळ, बेळगाव. आणि अर्ज जायचा होता बेंगळूरला! कुठल्या शहाण्याला ते जुळलं असतं? पण मला त्या वेळी छाती फुगल्यासारखं झालं. आपण काहीतरी करून दाखवलं असं वाटलं. जे करून दाखवायचं ते दुसऱ्याच्या अर्जावर, एवढी गोष्ट माझ्या टाळक्यात आली नाही.

अण्णानं मी बोट ठेवलं तिथं सही केली. वाचलं नाही. फक्त विचारलं, "समदं बरोबर हाय न्हवं?"

मी म्हणालो, "व्हय."

तीनेक आठवड्यांनी पोस्टमननं गल्लीच्या तोंडाशी लिफाफा माझ्या हातात दिला. आत आमचाच अर्ज होता. त्या रकान्याभोवती तांबड्या शाईचं वर्तुळ, आणि सोबत टाइप केलेला एक कागद. राज्याच्या रकान्यात चूक आहे, दुरुस्त करून आठ दिवसांत परत पाठवावा. त्याच्याखाली कुणीतरी हातानं एक ओळ लिहिली होती, कृपया उशीर करू नका. बेंगळुरात बसलेल्या कुणा अनोळखी माणसाला अण्णाची काळजी होती. मला पुढं आयुष्यभर ती टाइप केलेली अक्षरं फारशी आठवली नाहीत, ही हातानं लिहिलेली ओळ आठवत राहिली.

त्या दिवशी मी लिफाफा अण्णाला दिला नाही. उद्या देऊ म्हणालो. पहिले दोन दिवस मी मनाशी ताठ होतो, आपण असलं लिहून देणार नाही, खेळायचं तर आपल्या अटीवर. तिसऱ्या दिवशी ताठा गेला आणि भीती आली. आप्पांचा हात जड होता. अर्ज तू असा भरलास का, असं त्यांनी विचारलं असतं तर मी काय सांगणार होतो? अण्णा रोज संध्याकाळी विचारायचा, काही आलं का रं बेंगळूरहून? मी नाही म्हणायचो. असं रोज एकेक नाही म्हणत आठ दिवस गेले. नवव्या दिवसानंतर द्यायला काही उरलंच नाही. तो लिफाफा मी माझ्या ब्रश-स्टेन्सिलच्या पत्र्याच्या पेटीत तळाला घातला. फाडायचं धाडस झालं नाही, आणि दाखवायचंही झालं नाही.

दिल्लीचं एशियाड आम्ही सुभेदारांच्या घरी कॅम्पात बघितलं. त्यांच्याकडं टीव्ही आला होता. खाली सतरंजीवर आप्पा, अण्णा आणि मी. चित्रात मुंग्या फार, पण कुस्ती कळायची. मग अण्णाच्या वजनाची जोड लागली. अण्णा पुढं सरकून गुडघ्यावर हात ठेवून बसला, आपणच आत असल्यासारखा. त्याचे खांदे हलत होते, मला शेजारून दिसत होते. कुस्ती संपायच्या आधीच तो उठला आणि बाहेर जाऊन सायकलीपाशी उभा राहिला. परत येताना मला सायकलवर पुढं बसवलं होतं. टिळकवाडी आली. मग माझ्या डोक्यावरनं म्हणाला, "मी त्याला धरला असता रं."

मला लाज वाटली, एवढी वाटली की सायकलवरनं उडी टाकावी. पण टाकली नाही आणि बोललोही नाही.

घरात आणि गावात त्याची एक गोष्ट तयार झाली. बेंगळूरवाल्यांनी मराठी नाव बघून अर्ज गिळला. कुणी पहिल्यांदा म्हटलं ते मला आठवत नाही, मी नव्हतं म्हटलं, पण मी ती खोडलीही नाही. आप्पा ही गोष्ट उरात घेऊनच गेले. अण्णा आणखी चार वर्षं जत्रा करत राहिला, चिकोडीत गुडघा गेला, मग उद्यमबागेतल्या फौंड्रीत लागला आणि सकाळ-संध्याकाळ तालीम सांभाळू लागला. कुणी कन्नड माणूस सरळ बोलायला आला तरी अण्णाचा चेहरा बंद व्हायचा. त्या लोकांनी त्याचं काय केलं होतं? काहीच नाही. उलट उशीर करू नका म्हणून सांगितलं होतं. आणि मी? ज्या राज्याचं नाव मला त्या रकान्यात लिहवलं नाही, त्याच राज्याच्या शाळेत मी तीस वर्षं चित्रकला शिकवली आणि आज त्याचीच पेन्शन खातोय. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. माझ्या मुठीत माझ्या भावाचा अख्खा जलम होता.

गावं मी लिहीत राहिलो. सोल, बीजिंग, हिरोशिमा. बार्सिलोना, अटलांटा, सिडनी. दर वेळी दिल्लीच्या ओळीखालनं ब्रश न्यावा लागायचा आणि दर वेळी मी ती ओळ न बघता पुढं जायचो. दुसऱ्या टोकियोच्या वेळी कोरोनाच्या आजारानं सगळं जग बंद पडलं, स्पर्धा वर्षभर लांबली, आणि अण्णानं मला विचारलं की साल बदलायचं का. मी म्हणालो, त्यांनी नाही बदललं तर आपण कशाला? आता तर गावं लई आधी ठरतात. लॉस एंजेलिस, ब्रिस्बेन, तिकडं दोहा, रियाध, सगळी लिहून तयार आहेत. रियाध होईल तेव्हा अण्णा चौऱ्याहत्तरीचा असेल.

अण्णाचं लग्न उशिरा झालं आणि लेक आणखी उशिरा. ती हौदाच्या कडेला बसूनच मोठी झाली. आमच्या तालमीत बाईमाणसानं हौदात उतरायचं नाही असा दंडक होता. तो अण्णानंच मोडला, कुणी विचारायच्या आत. तिला हौदात उतरवलं, मागच्या पत्र्याच्या शेडात गादीही टाकली आणि तिला रोज पहाटे उठवलं. त्रेपन्न किलोची पोर, पण बापाचा ढाक तिच्यात तसाच उतरलाय. ती पडलेल्या मुलीला हात देऊन उठवते तेव्हा मला दुसरीकडं बघावं लागतं.

यंदाचं एशियाड जपानात नागोयाला आहे. भिंतीवर ते गाव नऊ-दहा वर्षांपासून आहे. पोरीला राज्याच्या चाचणीचं बोलावणं आलं, बेंगळूरला. तिथं निवड झाली तर पुढं देशाची चाचणी. नाव मोबाइलवर नोंदवायचं होतं आणि त्याला सहा दिवस उरले होते. अण्णानं ऐकलं आणि नाही म्हणाला. ओरडला वगैरे नाही. एकदा त्यांनी गिळलं, बास झालं, म्हणाला. तिनं निपाणीच्या पलीकडं कागलला मामाकडं जाऊन राहायचं, तिथले कागद करायचे आणि महाराष्ट्राकडून खेळायचं. त्याला दोन वर्षं लागली तर लागली. नागोया नाही तर दोहा.

पोरगी दुपारची माझ्या घरी आली. चहाला नको म्हणाली. मला म्हणाली, काका, आप्पा तुमचंच ऐकतात, तुम्ही सांगा. तीही बापाला आप्पाच म्हणते. पुढं म्हणाली की शाळेपासून ती कर्नाटकाकडूनच खेळत आलीय, तिला कुणी कधी वाकडं बोललं नाही, तिचा कोच हुबळीचा आहे आणि तिच्यासाठी जीव टाकतो. दोन वर्षांनी तिचं वजन काय असेल, अंग काय असेल, कुणी सांगावं? 

"आप्पांचं जे झालं ते वाईटच झालं," ती म्हणाली. "पण त्यासाठी मी किती वर्षं थांबू, काका?"

तिला वाटलं मी विचार करतोय. मी घाबरलो होतो. सतराव्या वर्षी घाबरलो होतो तसाच, एकसष्टाव्या वर्षी. दैव देतं आणि कर्म नेतं, ही म्हण मी शाळेत पोरांकडनं फळ्यावर कितीदा लिहून घेतली असेल. अण्णाचं नेलं ते माझं कर्म होतं, आणि आता ते त्याच्या लेकीपाशी येऊन उभं होतं. मी तिला म्हणालो, तू तालमीत हो पुढं, मी आलोच.

पेटी माळ्यावर होती. लिफाफा पिवळा पडला होता पण शाबूत होता, तांबडी शाई थोडी फुटलेली.

अण्णा हौदातली माती मारत होता. ताक आणि तेल घालून, हळद-कापूर टाकून फावड्यानं वरखाली करायची, हे काम तो अजून दुसऱ्याला करू देत नाही. पोरगी भिंतीला टेकून उभी होती. मी हौदाच्या कडेला बसलो आणि कागद त्याच्यापुढं धरला. म्हणालो, हा तुझा ब्याऐंशीचा अर्ज. गिळला नव्हता कुणी. परत आला होता.

अण्णानं फावडं बाजूला ठेवलं, हात कमरेच्या फडक्याला पुसले आणि कागद घेतला. चष्मा नव्हता म्हणून लांब धरला. तांबडं वर्तुळ दिसायला चष्मा लागत नव्हता. त्यानं त्यातला शब्द एकेक अक्षर लावून वाचला.

"हे कुणी लिवलं?"

"मी."

मग त्यानं दुसरा कागद पोरीकडं दिला, वाच म्हणाला. तिनं वाचून मराठीत सांगितला. आठ दिवसांत दुरुस्त करून पाठवा. आणि खालची ओळही सांगितली, कृपया उशीर करू नका. ती सांगताना तिचा आवाज खाली गेला आणि तिनं माझ्याकडं बघितलं. त्या नजरेबद्दल मला काही लिहवत नाही.

अण्णानं एवढंच विचारलं, आप्पांना ठाऊक होतं का. मी नाही म्हणालो. तो हौदाच्या कडेला बसला, माझ्यापासून दोन हातांवर. अर्ज मांडीवर ठेवून हातानं सपाट केला. मला वाटलं मारेल. मारावं असं मनापासून वाटत होतं, त्यानं हिशेब तरी मिटला असता.

"चव्वेचाळीस वर्षं मी त्या लोकांना शिव्या घातल्या रं," तो म्हणाला. "आप्पा बी घालतच गेले."

मग उठून त्यानं फावडं घेतलं आणि माती मारायला लागला. मी आणि पोरगी उभे राहिलो, नंतर मी निघून आलो.

दुसऱ्या दिवशी तिनं नाव नोंदवलं. हे मला वहिनींकडून कळलं. अण्णा माझ्याशी बोलत नव्हता. तालमीत गेलो की तो शेडात जायचा, मी शेडात गेलो की हौदाकडं यायचा. एका घरातली, एका गल्लीतली माणसं आम्ही, साठ वर्षांत असं कधी झालं नव्हतं. माझी बायको म्हणाली, तोंडावर शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. मी म्हणालो, त्याच्या शिव्या दुसऱ्यांवर खर्चून संपल्या.

ती बेंगळूरला निघाली त्या सकाळी मी तालमीच्या दारात लांब उभा राहिलो. आमच्यात बाहेरगावी खेळायला निघालेल्याला वस्तादानं हौदातली माती कपाळाला लावायची, आणि ती लागल्याशिवाय उंबरा ओलांडायचा नाही. मारुतीपुढं नारळ फुटला. अण्णानं वाकून चिमूटभर माती घेतली. लावायच्या आधी थांबला.

"राज्य काय लिवलंस?"

"कर्नाटक."

"वाचून बघितलंस?"

"दोनदा बघितलं, आप्पा."

बरं म्हणाला आणि माती लावली. तिनं उंबरा ओलांडला. जाताना माझ्याही पाया पडली. त्यानं मला जास्तच लागलं.

चार दिवसांनी दुपारी अण्णा माझ्या दारात आला. चप्पल न काढता उभा राहिला आणि म्हणाला, ब्रश आणि पांढरा रंग घेऊन ये. मी दोन्ही घेऊन त्याच्यामागं गेलो. तालमीत त्यानं स्टूल आणून भिंतीपाशी ठेवलं होतं. उजव्या रांगेत ब्याऐंशीच्या दिल्लीपाशी बोट ठेवलं आणि म्हणाला, हितं नाव घाल.

मला वाटलं, चला, त्यानं स्वतःला ही जागा दिली. द्यायलाच पाहिजे होती, तो तिथं उभा राहिला असता हे सगळ्या सीमाभागाला माहीत आहे. माझे डोळे भरून आले. मी ब्रश बुडवला आणि त्याच्या नावाचं पहिलं अक्षर काढायला हात उचलला.

"माझं न्हवं," तो म्हणाला. "तुझं घाल."

मी वळून बघितलं. म्हणालो, अण्णा, मी कुठं गेलोय दिल्लीला?

"मी बी न्हाय गेलो. पर त्या वर्षी हितनं कोण जाणार आन् कोण न्हाय, ते तूच ठरवलंस न्हवं? मग जागा तुझी."

रागानं म्हणाला असता तर मी हात जोडले असते. तो रागात नव्हता. एखाद्या पोराला डाव समजावून सांगावा तसं सांगत होता. मी लिहायला लागलो. माझं नाव मी आयुष्यात एवढ्या सावकाश कधी लिहिलं नाही. तो मागं बाकावर बसून बघत होता. अक्षर बारीक झालं तसं म्हणाला, ठळक काढ, दारातनं दिसाय पायजे. मी पुसून परत ठळक काढलं.

आडनावावर आलो असताना त्याचा फोन वाजला. पोरीचा होता. तिचा आवाज मला स्टुलावर ऐकू येत होता, राज्याच्या संघात नाव लागलं होतं, शेवटची कुस्ती ढाकावर मारली होती. अण्णानं सगळं ऐकून घेतलं. मग विचारलं, जेवलीस का? तिकडं जेवण कसं देतात? कोचला माझा नमस्कार सांग, म्हणाला. हुबळीच्या त्या माणसाला त्यानं पाठवलेला हा पहिला नमस्कार. फोन ठेवल्यावर मी न राहवून विचारलं, नागोयासमोर तिचं नाव घालू का? डब्यात रंग होता.

जाऊन आल्यावर, म्हणाला. अजून देशाची चाचणी हाय. कोरं असू दे.

आता अण्णा माझ्याशी बोलतो. पूर्वीसारखं नाही, पण बोलतो. संध्याकाळी व्यायाम झाला की पोरं भिंतीसमोर उभी राहून यादी म्हणतात, आप्पांच्या वेळेसारखीच. मनिला, जकार्ता, तेहरान. प्रत्येक गावाला क्षणभर थांबतात आणि पुढं जातात. ब्याऐंशी, दिल्ली म्हणतात, आणि तिथं न थांबता माझं नाव घेतात, मोठ्यानं, सगळी एकदम. पंधरवड्याला एखादा नवा मुलगा तालमीत येतो. तो यादी संपल्यावर माझ्याकडं वळतो, डोळे मोठे करून विचारतो, मास्तर, तुम्ही दिल्लीला खेळला होता?

नाही, असं मी सांगतो. माझा भाऊ जाणार होता, मी त्याला जाऊ दिलं नाही. मुलाला ते कळत नाही, तो कसं काय म्हणून विचारतो, मग मला रकान्यापासून सगळं सांगावं लागतं. अण्णा हौदाच्या कडेला बसलेला असतो. एखादी गोष्ट मी गाळली तर मान वर करतो, आणि मी ती सांगतो.